राजाचा घोडा आणि पिवळा तारा

श्रोतेहो, काही वर्षांपूर्वी अशाच एका वसंतात, अशाच एका व्यासपीठावरून आम्ही एक गोष्ट सांगितली होती. दुसऱ्या महायुद्धात हिटलरच्या सैन्याने डेन्मार्क व्यापला. तेथील ज्यूंनी छातीवर पिवळा तारा लावलाच पाहिजे, असा हुकूम जर्मनांनी काढला. दुसऱ्या दिवशी सकाळी डेन्मार्कचा वृद्ध राजा दहावा ख्रिश्चन नेहमीप्रमाणे घोड्यावर बसून राजधानीच्या रस्त्यांतून निघाला, तो स्वतःच्या छातीवर तोच पिवळा तारा लावून. ते पाहून सारी प्रजा तारे लावून घराबाहेर पडली आणि जर्मनांस आपला हुकूम गिळावा लागला. गोष्ट संपली तेव्हा टाळ्यांचा कडकडाट झाला. टाळ्या त्या राजाला होत्या. पण आम्ही त्या आमच्याच समजून पदरात बांधून घेतल्या.

व्याख्यान आटोपल्यावर एक निवृत्त शाळामास्तर आमच्याजवळ आले आणि त्यांनी अगदी साधा प्रश्न विचारला. "हा राजा रोज घोड्यावरून फिरत असे म्हणता. तो काळ सिनेमाचा. कोणी ना कोणी त्याचे चित्रण केलेच असेल. त्यात तो तारा दिसतो का हो?" आम्हांस उत्तर देता आले नाही. आजचे हे विवेचन म्हणजे त्या प्रश्नाचे उशिरा दिलेले उत्तर आहे.

उत्तर एका वाक्यात सांगावयाचे तर असे : घोडा दिसतो, राजा दिसतो, गर्दी दिसते, तारा दिसत नाही. आणि तो दिसणारही नाही, कारण डेन्मार्कमध्ये पिवळ्या ताऱ्याचा हुकूम कधी निघालाच नाही. जो हुकूम निघाला नाही तो मोडण्याचा प्रसंग राजावर येणार कोठून? परंतु एवढ्यावर थांबलो तर आम्ही एक खोटी गोष्ट खोडून काढल्याचे समाधान तेवढे मिळवू, आणि तिच्यामागची खरी गोष्ट मात्र हातची जाईल. म्हणून थोडे मागे जाऊ.

दहावा ख्रिश्चन हा १८७० साली जन्मला आणि १९१२ साली गादीवर आला. उंची साडेसहा फुटांच्या घरात, वळण लष्करी, बोलणे तुटक. लोकांत मिसळून हास्यविनोद करणारा हा राजा नव्हे. मात्र त्याची कारकीर्द आणि चलच्चित्राची वाढ ही एकमेकींना समांतर गेली. डेन्मार्कमधील पहिली चित्रफीत १८९७ साली पेटर एल्फेल्ट याने घेतली, आणि हा एल्फेल्ट राजघराण्याचा छायाचित्रकार होता. पुढे १९०६ साली 'नॉर्डिस्क' ही चित्रपटसंस्था निघाली आणि मूकपटांच्या जमान्यात या चिमुकल्या देशाने साऱ्या युरोपला चित्रपट पुरविले. खुद्द जर्मन अंमलात, १९४१ साली, कोपनहेगनमध्ये चित्रपटांचे संग्रहालय स्थापन झाले. अशा देशाच्या राजाची तरुणपणापासून म्हातारपणापर्यंतची छबी फितीवर राहिली, यात नवल नाही. आज त्यांतील पुष्कळशी चित्रणे डॅनिश फिल्म इन्स्टिट्यूटने जपून ठेवली आहेत आणि कित्येक तर घरबसल्या पाहता येतात.

या चित्रणांतील सर्वांत गाजलेले दृश्य १० जुलै १९२० चे आहे. १८६४ च्या युद्धात डेन्मार्कने श्लेस्विगचा प्रांत प्रशियाच्या हाती गमावला होता. पहिल्या महायुद्धानंतर तेथे लोकमत घेण्यात आले. उत्तर भागाने डेन्मार्कला, तर मध्य भागाने जर्मनीला कौल दिला. उत्तर भाग परत मिळाला तेव्हा राजा पांढऱ्या घोड्यावर बसून जुनी सरहद्द ओलांडून गेला. पांढऱ्या घोड्यावरचा राजा येईल आणि हरवलेला मुलूख परत आणील, असे भाकित त्या भागात लोकांच्या तोंडी होते. ते जणू साक्षात उतरले. वाटेत राजाने एका चिमुरडीस उचलून आपल्यापुढे घोड्यावर घेतले. म्हाताऱ्यांचे डोळे पाणावले. दृश्य खरे आहे, त्यात बनावट काही नाही.

परंतु त्या दृश्यात एक गोष्ट नाही. त्याआधी तीनच महिन्यांपूर्वी, ईस्टरच्या सुमारास, याच राजाने आपले निवडून आलेले मंत्रिमंडळ बडतर्फ केले होते. फ्लेन्सबोर्ग हे शहर मतदानात जर्मनीकडे गेले असताही ते डेन्मार्कला मिळावे, असे त्याचे आणि राष्ट्रवाद्यांचे म्हणणे. मंत्रिमंडळ मतदानाचा कौल मानावयास तयार. राजाने अधिकार गाजविला, तेव्हा कामगार संघटनांनी सार्वत्रिक संपाची घोषणा केली, प्रजासत्ताकाच्या आरोळ्या उठल्या, आणि राजाला माघार घ्यावी लागली. लोकशाहीचा हा धडा त्याला प्रजेने शिकविला. तो पोटातून घेऊन आला नव्हता. पांढरा घोडा फितीवर आहे, ईस्टरचा धडा फितीवर दिसत नाही. म्हणजे चित्रफीत खोटे बोलली नाही, तरी सगळे सांगते असेही नाही. अस्सल कागदाविषयी आमच्या इतिहास-संशोधकांनी जे वारंवार बजावले तेच येथे लागू पडते. राजवाड्यांनी १८९८ साली 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' चा पहिला खंड काढला तेव्हापासून महाराष्ट्राला बखर आणि अस्सल पत्र यांतला भेद ठाऊक आहे. पण अस्सल पत्रसुद्धा त्या दिवसापुरते आणि लिहिणाऱ्याच्या नजरेपुरतेच अस्सल असते. चित्रफितीचेही तसेच आहे.

आता ९ एप्रिल १९४० कडे येऊ. पहाटे सव्वाचार वाजता जर्मन फौजा सरहद्द ओलांडून आल्या. आमालियेनबोर्ग राजवाड्याच्या चौकात रक्षकांनी गोळीबार केला, डोक्यावर जर्मन बाँबफेकी विमाने घिरट्या घालू लागली. सपाट देश, तुटपुंजे सैन्य. काही तासांतच राजा आणि सरकार यांनी शस्त्रे खाली ठेवली. प्रजेने शांत व सभ्यपणे वागावे, असे आवाहन राजाच्या सहीने निघाले. नॉर्वेचा राजा सातवा हाकोन हा या ख्रिश्चनचा सख्खा भाऊ. तो डोंगरांतून माघार घेत लढला आणि शेवटी इंग्लंडला गेला. ख्रिश्चन मागे राहिला. दोन सख्ख्या भावांपुढे एकाच दिवशी एकच संकट आले आणि दोघांनी दोन वाटा धरल्या. कोणाची बरोबर, यावर डेन्मार्कमध्ये आजही वाद होतो.

डेन्मार्कमध्ये मग एक विलक्षण व्यवस्था सुरू झाली. जर्मन सैन्य देशात, आणि तरीही राजा, मंत्रिमंडळ, लोकसभा, न्यायालये आपापल्या जागी. तिला सहकार्याचे धोरण म्हणत. याच काळात राजाचे रोजचे अश्वारोहण हा राजधानीतील एक विधी होऊन बसला. सकाळी राजवाड्यातून तो एकटा बाहेर पडे. मागे रक्षक नाही, पुढे शिपाई नाही. भोवती सायकलवाले, पोरेटोरे, कामावर निघालेल्या बायका. एका जर्मन शिपायाने एका मुलाला विचारले म्हणे, "तुमच्या राजाचे अंगरक्षक कोठे आहेत?" मुलगा म्हणाला, "आम्ही सगळेच." हीही आख्यायिकाच; पण ती कोठून उगवली हे चित्रफीत पाहताच कळते. २६ सप्टेंबर १९४० रोजी राजाला सत्तर वर्षे पूर्ण झाली. त्या वेळच्या गर्दीत एवढा उंच माणूस घोड्यावर असूनही माणसांत बुडाल्यासारखा दिसतो. तो हसत नाही, हात हलवून भाषण करीत नाही. फक्त जातो. आपले घर परक्याने बळकावले असता घरधनी रोज सकाळी अंगणात फेरी मारतो, त्यातलाच हा प्रकार.

त्याच वाढदिवसानिमित्त एक छोटेसे पदक निघाले. त्यावर राजाचे आद्याक्षर, मुकुट आणि १८७०–१९४० ही साले. लोकांनी ते कोटाच्या कॉलरवर लावण्यास प्रारंभ केला. हे पदक लावणे कायद्याने गुन्हा नव्हता, आणि त्याचा अर्थ मात्र सर्वांना कळत होता. श्रोतेहो, हे ध्यानात ठेवावे. प्रजेने छातीवर एक खूण लावली हे खरेच आहे. फक्त ती खूण पिवळा तारा नव्हती.

२६ सप्टेंबर १९४२ रोजी हिटलरने राजाला वाढदिवसाची लांबलचक अभिनंदनाची तार केली. राजाचे उत्तर आले ते एका ओळीचे, कोरड्या आभारांचे. हिटलरच्या संतापास निमित्त एवढेच पुरले. जर्मन वकील परत बोलावला गेला, त्याच्या जागी वेर्नर बेस्ट हा नाझी अधिकारी आला, मंत्रिमंडळ बदलावे लागले. याच धामधुमीत १९ ऑक्टोबरला राजा घोड्यावरून पडला आणि जबर जखमी झाला. त्यानंतर तो पूर्ववत झालाच नाही. म्हणजे जगाच्या डोळ्यांपुढे असलेला तो घोडेस्वार व्याप्त कोपनहेगनमध्ये दिसला तो अवघी अडीच वर्षे.

मग तारा आला कोठून? त्याचा माग काढता येतो. जर्मनीत सप्टेंबर १९४१ मध्ये ज्यूंवर पिवळ्या ताऱ्याची सक्ती झाली. जानेवारी १९४२ मध्ये स्वीडनमधील गोटेनबर्गच्या एका वृत्तपत्रात राग्नवाल्ड ब्लिक्स या नॉर्वेजियन व्यंगचित्रकाराचे चित्र छापून आले. पंतप्रधान स्टाउनिंग राजाला विचारतो की, आपल्या ज्यूंना तारे लावावयास लावले तर काय करावयाचे? राजा उत्तरतो की, मग आपण सर्वांनीच ते लावावयाचे. व्यंगचित्रातले 'तर' गळून पडले आणि 'लावले' तेवढे उरले. युद्धकाळात अमेरिकेत डेन्मार्कची बाजू मांडणाऱ्यांना ही कथा सोयीची होती, ती पसरली. १९५८ साली लिऑन युरिस याच्या 'एक्झोडस' या कादंबरीने ती लाखो घरांत नेली. आमच्यापर्यंतही ती अशीच कोठून तरी वाहत आली, आणि आम्ही ती गाळून न घेता प्यालो.

पण गोष्टीला येथे एक अनपेक्षित वळण आहे. राजा रोजनिशी लिहीत असे आणि ती पुढे अभ्यासकांस पाहावयास मिळाली. तीत सप्टेंबर १९४१ मधील एक नोंद आहे. व्हिल्हेल्म बूल या मंत्र्याशी झालेल्या बोलण्याची ती नोंद. इतर देशांत ज्यूंना मिळणारी अमानुष वागणूक पाहता आपल्याकडेही तशी मागणी येईल अशी धास्ती वाटते, परंतु ती आपण साफ नाकारली पाहिजे. आणि आलीच तर सर्वांनी तारा लावणे हेच तिला चांगले उत्तर होईल, असा तिचा आशय आहे. म्हणजे राजाने तारा लावला नाही, पण लावण्याचा विचार त्याच्या मनात येऊन गेला होता. व्यंगचित्र त्या नोंदीनंतर चार महिन्यांनी छापले गेले. जे फितीवर नाही ते रोजनिशीत सापडले. इतिहास हा असा एका साधनावर विसंबून लिहिता येत नाही.

आता मूळ प्रश्नाच्या गाभ्याकडे वळू. डेन्मार्कचे ज्यू वाचले कसे? तारा लावल्याने नव्हे. २९ ऑगस्ट १९४३ रोजी संप आणि घातपात यांच्या लाटेपुढे सहकार्याचे धोरण कोसळले. सरकारने काम थांबविले, आरमाराने आपली जहाजे आपल्याच हातांनी बुडविली, राजा पहाऱ्यात अडकला. ज्या राजाने घोड्यावरून फिरून जग जिंकले असे आपण समजतो, तो नेमक्या निर्णायक महिन्यात घोड्यावर नव्हता, रस्त्यावर नव्हता, कोणाला दिसतही नव्हता.

सप्टेंबरच्या शेवटी जर्मन वकिलातीतील डुकव्हिट्झ या जर्मन अधिकाऱ्याने जिवावर उदार होऊन येऊ घातलेल्या धरपकडीची बातमी हान्स हेडटॉफ्ट या समाजवादी पुढाऱ्याला दिली. २९ सप्टेंबरच्या सकाळी कोपनहेगनच्या सिनेगॉगमध्ये धर्मगुरू मार्कुस मेल्किओर यांनी प्रार्थना थांबवून जमलेल्या लोकांना ताबडतोब लपावयास सांगितले. १ ऑक्टोबरच्या रात्री धाडी पडल्या तेव्हा बहुतेक घरे रिकामी होती. शंभराहून अधिक वर्षे समान नागरिक म्हणून नांदलेल्या लोकांना वेगळे काढाल तर परिणाम गंभीर होतील, असे पत्र राजाने बेस्टला लिहिले. पण पत्राने धाडी थांबल्या नाहीत. पुढच्या काही आठवड्यांत इस्पितळांतून, चर्चच्या माळ्यांतून, शेतांतल्या कोठारांतून माणसे किनाऱ्यावर नेण्यात आली आणि कोळ्यांच्या होड्यांतून ओरेसुंडची सामुद्रधुनी ओलांडून स्वीडनला पोहोचली. सुमारे ७,२०० ज्यू, आणि त्यांचे ज्यू नसलेले जवळजवळ ७०० आप्त. या होड्यांचा प्रवास व्हायचा तो काळोखात आणि चोरून. तेथे कॅमेऱ्यासाठी प्रकाश नव्हता, आणि प्रकाश असता तर होडीच निघती ना. देशाने केलेले सर्वांत मोठे कृत्य असे जवळजवळ चित्रावाचून राहिले.

सगळेच वाचले नाहीत, हेही सांगितले पाहिजे. गिलेलाये या कोळ्यांच्या गावी चर्चच्या माळ्यावर लपलेली सुमारे ऐंशी माणसे एका रात्रीत पकडली गेली. एकंदर सुमारे ४७० लोक थेरेझीनश्टाटच्या छावणीत नेले गेले. तेथे मात्र पिवळा तारा लावावा लागे. डॅनिश ज्यूंच्या छातीवर तारा आला तो तेथे, मायदेशात नव्हे. आणि चित्रफीत किती खोटे बोलू शकते हेही याच छावणीने दाखवून दिले. डॅनिश अधिकारी आपल्या माणसांविषयी सारखी विचारणा करीत, म्हणून जून १९४४ मध्ये रेडक्रॉसच्या प्रतिनिधींबरोबर त्यांना छावणी दाखविण्यात आली. त्यासाठी तिला रंगरंगोटी झाली, बागा फुलविल्या गेल्या, आणि गर्दी कमी दिसावी म्हणून हजारो कैद्यांना आधीच ऑशविट्झला धाडण्यात आले. नंतर तेथे एक चित्रपट घेण्यात आला. दिग्दर्शनाचे काम कुर्ट गेरोन या कैदी नटाकडून करवून घेतले आणि चित्रण संपल्यावर त्यालाही ऑशविट्झला पाठवून ठार केले. त्या फितीतील चेहरे खरे आहेत, आणि ती फीत खोटी आहे. डॅनिश कैद्यांपैकी सुमारे पन्नास तेथे दगावले. चारशेंहून अधिक लोकांना एप्रिल १९४५ मध्ये स्वीडिश रेडक्रॉसच्या पांढऱ्या बसगाड्यांनी परत आणले.

याच हिशेबात आणखी एक नोंद करावयास हवी. सहकार्याच्या काळात डॅनिश अधिकाऱ्यांनीच काही निर्वासित ज्यूंना जर्मनांच्या हवाली केले होते, आणि १९४१ साली राज्यघटना बाजूला सारून कम्युनिस्टांना तुरुंगात टाकले होते. त्या निर्वासितांबद्दल डेन्मार्कच्या पंतप्रधानांनी जाहीर क्षमा मागितली ती २००५ साली. ताऱ्याच्या गोष्टीत या नोंदीला जागाच नाही. युद्ध संपताच, १९४६ साली, थिओडोर क्रिस्टेनसेन याने व्यापकाळावर एक माहितीपट केला, त्यातही सहकार्य करणाऱ्या पुढाऱ्यांवर कोरडे ओढले होते. तेव्हा अनेकांना तो रुचला नाही. गोड गोष्ट ऐकण्याची तहान केवळ परक्यांनाच असते असे नाही.

मे १९४५ मध्ये डेन्मार्क मुक्त झाला. ९ मे रोजी राजाने पुन्हा लोकसभेचे उद्घाटन केले, तेव्हा तो शरीराने थकलेला होता. २० एप्रिल १९४७ रोजी तो वारला. दर्शनासाठी ठेवलेल्या त्याच्या शवपेटीवर भूमिगत चळवळीतले लोक दंडावर बांधत तशी एक कापडी पट्टी ठेवण्यात आली. ज्या राजाने आरंभी शांत राहा म्हणून सांगितले, त्याला न जुमानता लढलेल्यांची ही पट्टी. तिचा अर्थ कोणी काहीही लावो. आम्हांस ती क्षमेसारखी वाटते आणि कृतज्ञतेसारखीही.

ताऱ्याची गोष्ट आम्ही पुन्हा का सांगणार नाही? ती खोटी आहे, हे एक कारण. आणि खोट्या गोष्टीचा धोका असा की, ज्या दिवशी ती उघडी पडते त्या दिवशी तिच्या शेजारच्या खऱ्या गोष्टीवरही संशय येतो. ज्यूंचा संहार झालाच नाही म्हणणारे लोक जगात आहेत. त्यांच्या हाती आपण होऊन काठी कशाला द्यावी? पण दुसरे कारण आम्हांस अधिक मोठे वाटते. त्या गोष्टीत एक राजा एका सकाळी एक ठिगळ छातीवर लावतो आणि सारे संकट टळते. प्रजेला फक्त त्याच्यामागून जावयाचे असते. खऱ्या इतिहासात राजा पहाऱ्यात होता आणि ठरविण्याचे काम परिचारिका, डॉक्टर, पाद्री, रेल्वेतले कामगार, कोळी आणि एक शत्रुपक्षाचा अधिकारी यांच्यावर येऊन पडले. दार वाजले तेव्हा उघडावयाचे की नाही, हे प्रत्येकाने आपापल्या उंबऱ्यावर एकट्याने ठरविले. ती गोष्ट ऐकून टाळ्या वाजवून घरी जाता येत नाही. आपल्या दारावर थाप पडली तर, असा विचार बरोबर घेऊन जावे लागते.

ज्या मास्तरांनी आम्हांस तो प्रश्न विचारला ते आज या सभेत असतील तर त्यांना आमचे सांगणे एवढेच : गुरुजी, चित्रफीत पाहिली. तारा नाही. एक म्हातारा माणूस घोड्यावरून जातो आहे, त्याच्याभोवती सायकली आहेत, आणि कोणी रक्षक नाही. एवढेच खरे आहे, आणि आम्हांस आता ते पुरेसे वाटते.